सरूबाई कोलकार व लाल टोपीची पाषाणमूर्ती घरातून गेल्याबाबत

दिनांक १३ डिसेंबर २०२५, शनिवार. वेळ दुपारी १२ वाजून ४० मिनिटे. पोलीस ठाणे, धारवाड.

नाव : लक्ष्मण बाळाप्पा कोलकार. वय : ७७ वर्षे. व्यवसाय : सेवानिवृत्त मुख्याध्यापक, मराठी माध्यम. धर्म : बौद्ध. अपत्ये : एक, मुलगा, नाव अमित. राहणार : सप्तापूर, धारवाड.

मी, वर नाव लिहिलेला इसम, ठाण्यात स्वतः हजर होऊन, कोणाचेही दडपण नसताना सांगतो ते असे की, माझी पत्नी सौ. सरूबाई, वय ७१ वर्षे, ही आज सकाळी सहाच्या सुमारास राहत्या घरातून निघून गेली असून अद्याप परतलेली नाही. अंगावर निळ्या काठांचे पांढरे लुगडे, पायांत तपकिरी चपला. मोबाइल घरीच आहे. सोबत एक कापडी पिशवी असून तीत एक पाषाणमूर्ती आहे. मूर्तीची उंची अर्धी वीत, रंग राखाडी, डोळे मिटलेले, डोक्यावर लाल लोकरीची टोपी.

हा जबाब प्रथम कन्नडमध्ये लिहिला जात होता. मला कन्नड उत्तम येते. परंतु माझ्या पत्नीविषयी मी कन्नडमध्ये कधी बोललेलो नाही. सबब हेड कॉन्स्टेबल शुभांगी मेत्री, ज्यांचे माहेर खानापूरचे आहे, त्यांनी तो मराठीत लिहून घेण्याचे मान्य केले. वाक्ये माझी आहेत, लेखन त्यांचे आहे. त्यांनी आरंभी "पत्नी हरवल्या" असे लिहिले होते. ते मी खोडावयास लावले. ती हरवलेली नाही. तिला रस्ते माहीत आहेत. ती गेली आहे.

तिच्या सवयींविषयी विचारण्यात आले. ती पाचला उठते, साडेपाचला चहा करते, आठपर्यंत घराबाहेर पडत नाही. माझ्याही सवयींविषयी विचारण्यात आले. मी नियमित वागणारा मनुष्य आहे. सकाळी फिरणे, दुपारी वाचन, आणि दर महिन्याच्या दुसऱ्या शनिवारी हुबळीकडे जाणाऱ्या चिगरी बसने वाटेतल्या नवनगरला जाऊन येणे. तेथील कामाचे स्वरूप खाजगी असून त्याचा या प्रकरणाशी संबंध नाही. गेल्या महिन्यात परदेशी असल्यामुळे, आणि आज पत्नीचा शोध घेत असल्यामुळे, मला जाता आलेले नाही.

मूर्ती घरात कशी आली हे सांगण्यासाठी मागील वृत्त देणे आवश्यक आहे.

माझा मुलगा अमित हा जपानमधील नागोया या शहरी नोकरीस आहे. त्याच्या आग्रहावरून आम्ही उभयता ४ नोव्हेंबर रोजी तेथे गेलो. त्याला रजा नव्हती, म्हणून त्याने आम्हा दोघांसाठीच एक मार्गदर्शक बाई, एक मोटार व पांढरे हातमोजे घातलेला एक चालक अशी व्यवस्था केली. दिनांक १७ ते २१ नोव्हेंबर या पाच दिवसांत ताकायामा, कानाझावा, क्योतो व नारा ही चार प्राचीन शहरे पाहावयाची होती. मार्गदर्शक बाईंचे नाव श्रीमती हायाशी, वय अंदाजे साठ, हातात कायम मिटलेली पिवळी छत्री. त्या इंग्रजीत बोलत. मी ते मराठीत माझ्या पत्नीस सांगत असे. माझ्या पत्नीस इंग्रजी येत नाही आणि श्रीमती हायाशी यांना मराठी येत नाही. माझ्याशिवाय त्या दोघींत संभाषण होण्यास कोणतेही साधन नव्हते, असा माझा आज सकाळपर्यंत समज होता.

पहिल्या दिवशी श्रीमती हायाशी यांनी आपला मोबाइल माझ्या पत्नीपुढे धरला असता त्यातून "तुम्ही थकला आहे का?" असा मराठी आवाज आला. त्या वाक्यातील दोष मी तेथेच दाखवून दिला आणि ते यंत्र माझ्यासमोर पुन्हा वापरू नये, अशी विनंती केली. त्यांनी वाकून ती मान्य केली. माझ्यासमोर ते पुन्हा वापरले गेले नाही.

ताकायामा येथे जुन्या लाकडी घरांची गल्ली आहे. तेथील दुकानांत लाल कापडाच्या लहान बाहुल्या टांगलेल्या असतात. त्यांना तोंड काढलेले नसते. पत्नीने एक बाहुली हातात घेतली व विचारले, "ह्याला तोंड का न्हाई?" श्रीमती हायाशी बराच वेळ बोलल्या. मी सांगितले, "तशी पद्धत आहे." त्यावर पत्नी म्हणाली, "काय हो, ती बाई पाच मिंटं बोलत्या, तुमच्या तोंडातनं दोन शब्द पडतात. बाकीचं कुठं जातंय?" मी तिला सांगितले की, सारांश काढणे हीही एक विद्या आहे. ती म्हणाली, "व्हय, मास्तर." तिने बाहुली घेतली नाही. परंतु दुकानाबाहेर आम्ही एकवीस मिनिटे उभे होतो.

कानाझावा येथील बागेत पाइन वृक्षांच्या फांद्या दोरांनी वर बांधलेल्या होत्या. शेंड्यापासून खाली छत्रीसारखे शेकडो दोर. बर्फाच्या भाराने फांद्या मोडू नयेत म्हणून हिवाळ्याआधी बांधतात. हे मात्र मी पूर्ण सांगितले. पत्नी म्हणाली, "ह्या लोकांनी झाडाचंबी बघितलंय." यात तक्रार करण्यासारखे काही होते असे मला तेव्हा वाटले नाही.

दिनांक १९ रोजी क्योतो येथील एका मंदिराच्या आवारात आम्ही गेलो. त्याचे नाव माझ्या टिपणवहीत आहे, उच्चाराबद्दल खात्री नाही. तेथे उतारावर ओळीने शेकडो लहान पाषाणमूर्ती होत्या. प्रत्येकीच्या गळ्यात लाल लाळेरे, काहींच्या डोक्यावर विणलेल्या टोप्या, पुढे खुळखुळे, दुधाच्या बाटल्या. वाऱ्याने कागदी भिरभिरी फिरत होती. पत्नीने विचारले, "ही कुणाची?" श्रीमती हायाशी यांनी उत्तर दिले. मी त्याचे मराठी केले ते असे : "या बालकांच्या मूर्ती आहेत."

हे भाषांतर अपूर्ण होते. श्रीमती हायाशी यांनी असे सांगितले होते की, जी मुले जन्माआधी किंवा जन्मानंतर थोड्याच दिवसांत जातात, त्यांना पलीकडे एकट्याने वाट काढता येत नाही. हा जिझो, म्हणजे मुलांचा सांभाळ करणारा बोधिसत्त्व, त्यांना आपल्या अंगरख्यात घेऊन नेतो. म्हणून आईबाप येथे मूर्ती ठेवतात व तिला ऊब देतात. हे मी सांगितले नाही. कारण विचारण्यात आले. पत्नीला थंडी वाजत होती आणि मला पुढील स्थळ पाहावयाचे होते, एवढेच मी आत्ता सांगू शकतो.

आमचे घराणे माझ्या लहानपणी बौद्ध झाले. आमच्या घरी मूर्तिपूजा, नवस, श्राद्ध, दिवसकार्य यांपैकी काहीही होत नाही. भिंतीवर दोन तसबिरी आहेत. त्यांना आम्ही हार घालतो, पूजा करीत नाही. हा फरक मी आजवर अनेकांना समजावून दिलेला आहे. त्या मंदिराच्या पायरीवर पत्नी मला म्हणाली, "हीबी बुद्धाचीच माणसं न्हवं?" मी होय म्हणालो. ती म्हणाली, "मग त्यास्नी चालतंय ते मला का चालंना?" मी तिला पंथभेद समजावून सांगितले. त्यास मोटारीत बसल्यापासून हॉटेलपर्यंतचा वेळ लागला. ती खिडकीबाहेर पाहत होती.

दिनांक २० रोजी माझा उजवा गुडघा सुजल्यामुळे मी सकाळी हॉटेलातच थांबलो. पत्नी श्रीमती हायाशी यांच्याबरोबर "लोकर घ्यायला" म्हणून गेली व साडेअकरास परत आली. लोकर लाल होती. पुढील सर्व प्रवासात ती मोटारीत काहीतरी विणत होती. ते फार लहान होते. नात आरुषी हिच्या बाहुलीसाठी असावे, असा मी तर्क केला. आरुषी चौदा वर्षांची आहे, हे माझ्या लक्षात यावयास हवे होते.

दिनांक २१ रोजी नारा. तेथे बुद्धाची प्रचंड मूर्ती असलेले मंदिर आहे व बाहेर हरणे मोकळी फिरतात. बिस्किट दाखविले की ती मान लववून नमस्कार करतात. पत्नी पुष्कळ हसली. आमच्या बसचे नाव चिगरी, म्हणजे कन्नडमध्ये हरीण. ती म्हणाली, "आमच्या हुबळीच्या चिगरीनं कधी वाकून दाखवलंय का बघा! दार लावून निघूनच जात्या." नंतर, हरणांना खाऊ घालत असतानाच, ती माझ्याकडे न पाहता म्हणाली, "ह्या महिन्यात तुमचा दुसरा शनवार चुकला न्हवं?" मी होय म्हणालो. ती म्हणाली, "पुढच्याला मीबी येते." मी म्हणालो, तेथे तिचे काही काम नसते. ती म्हणाली, "बरं." हा संवाद मी विसरलो होतो. आत्ता सांगताना आठवला.

परतीच्या वेळी विमानतळावर तपासणीत पत्नीच्या पिशवीत दगड दिसला. अधिकाऱ्याने हे काय आहे असे विचारले. मी पत्नीस विचारले. ती म्हणाली, "वरवंटा." मी त्याचे इंग्रजी "मसाला वाटावयाचा दगड" असे अचूक केले. अधिकाऱ्याने कपड्यात गुंडाळलेली वस्तू उघडून पाहिली, पत्नीकडे पाहिले, पुन्हा गुंडाळली व दोन्ही हातांनी परत दिली. त्याने असे का केले, हे मला कळले नाही. माझ्या तोंडून एका शासकीय अधिकाऱ्यापुढे असत्य विधान गेले आहे, त्याची नोंद येथे व्हावी.

आम्ही ५ डिसेंबर रोजी घरी पोहोचलो. ७ तारखेस सामान लावताना मला ती मूर्ती धान्याच्या डब्यामागे आढळली. डोक्यावर लाल टोपी होती. तळाशी कागद चिकटवलेला असून त्यावर "वनिता" असे लिहिलेले होते. अक्षर माझ्या पत्नीचे आहे. तिला लिहावयास मीच शिकविले, त्यामुळे याबद्दल शंका नाही. वनिता नावाची कोणीही व्यक्ती आमच्या नात्यात नाही. मी विद्यानगर येथे राहणाऱ्या तिच्या बहिणीसही फोनवरून विचारले. तिने फोन पत्नीकडे देण्यास सांगितले व त्या दोघी स्वयंपाकघरात बोलल्या.

पुढील पाच दिवस मी पत्नीस मूर्तीविषयी विचारीत होतो व ती उत्तर देत नव्हती. काल, दिनांक १२ रोजी, दुपारी चार वाजता चहाच्या वेळी मी म्हणालो, "ही वस्तू या घरात राहणार नाही." वाक्य माझे होते व ते निःसंदिग्ध होते. पत्नीने कप विसळून पालथा घातला आणि म्हणाली, "न्हाईच ऱ्हायची. तिची जागा वायली हाय."

आज सकाळी सहा वाजून दहा मिनिटांनी आमच्या माडीवर भाड्याने राहणारी विद्यापीठाची विद्यार्थिनी वेदश्री हिने पत्नीस बसथांब्याकडे जाताना पाहिले. पिशवी हातात लोंबत नसून कुशीत धरलेली होती, असे तिने सांगितले. वेदश्रीने "अज्जी, येवढ्या लवकर कुठं?" असे विचारले असता पत्नीने ओठांवर बोट ठेवले. कोणी झोपले असता ठेवतात तसे, असे वेदश्रीचे म्हणणे.

मी साडेसहा ते साडेअकरा या वेळात शोध घेतला. सप्तापूरचा बाजार, विद्यापीठाचे फाटक, सिव्हिल हॉस्पिटल, हुबळीचे बुद्धविहार, विद्यानगरला तिची बहीण. बहिणीने दार उघडले, मला आत बोलावले नाही. "भावजी, सगळीकडं शोधा तुम्ही. जिथं शोधायचं तिथं सोडून," असे ती म्हणाली. याचा अर्थ मी तिला विचारला. तिने सांगितला नाही.

दहाच्या सुमारास अमितचा नागोयाहून फोन आला. पत्नी व मूर्ती गेल्याचे मी त्याला सकाळीच कळविले होते व त्याने श्रीमती हायाशी यांना विचारले होते. त्यांचे म्हणणे असे की, दिनांक २० रोजी माझ्या पत्नीने त्या मोबाइल यंत्राच्या साहाय्याने क्योतोच्या त्या मूर्तींविषयी सर्व विचारून घेतले, एक मूर्ती घेतली, तिला नावाचा कागद चिकटवला. परंतु इतरांप्रमाणे ओळीत ठेवावयास ती तयार झाली नाही. "ही इथं परक्या देशात कशी ऱ्हाईल? मी हिला बाळाजवळ ठेवीन," असे ती यंत्रात बोलली. श्रीमती हायाशी यांनी तेथील भिक्षूंना विचारले. भिक्षू म्हणाले, आई नेत असेल तर जाऊ द्यावे.

अमितने मला विचारले, "अप्पा, अव्वा कुठल्या बाळाचं बोलत्या?"

आवाज नीट येत नव्हता, म्हणून मी फोन ठेवला.

या ठिकाणी हेड कॉन्स्टेबल मेत्री यांनी लेखणी थांबवून विचारले, "अज्जा, अमितच्या आधी काही?" मी म्हणालो की, प्रश्न अपूर्ण आहे. त्या म्हणाल्या, "पुरा करायला लावू नका की वो." मी पाणी मागितले. ते देण्यात आले.

मी सांगतो की, दिनांक ३ ऑगस्ट १९७५ रोजी हुबळी येथे आम्हास एक मुलगी झाली. ती सहा दिवस होती. दिनांक ९ ऑगस्ट रोजी पहाटे ती गेली. तो महिन्याचा दुसरा शनिवार होता. शाळेला सुट्टी होती, त्यामुळे रजेचा अर्ज द्यावा लागला नाही. बारसे झालेले नव्हते, म्हणून तिला नाव नव्हते. नाव नसल्यामुळे मी तिचा उल्लेख कोठेही, कोणत्याही अर्जात, केलेला नाही. सदर जबाबाच्या आरंभीही केलेला नाही.

मी व माझे थोरले बंधू कालकथित गोपाळ यांनी तिला पुरले. त्या काळी आमच्यात अशी रीत होती की, इतके लहान मूल गेल्यास पुरुषांनी न्यावे आणि आईला जागा सांगू नये. नाहीतर तिचा पाय तिकडेच ओढतो आणि पुढची कूस भरत नाही. अंधश्रद्धा म्हणून मी घरातील सर्व रीती बंद केल्या. ही एकच पाळली. पन्नास वर्षे पाळली. का, ते मला सांगता येत नाही. पत्नीने तेव्हा एकदाच विचारले होते, "कुठं ठेवून आलासा?" मी म्हणालो, "विचारायचं नाही." तिने पुन्हा विचारले नाही. अमित झाला तेव्हाही नाही.

जागा : नवनगर. त्या वेळी तेथे वस्ती फारशी नव्हती; ओढा होता व काठाने करंजाची झाडे होती. ओढा बुजला. झाडांपैकी एक शिल्लक आहे. आता तेथे बागेची भिंत असून, भिंतीला लागून सिमेंटचे बाक आहेत. फाटकाकडून तिसरा बाक. मी दर दुसऱ्या शनिवारी सकाळी तेथे जाऊन अर्धा तास बसतो. तेथे मी काहीही करीत नाही. फुले वाहत नाही. बसतो. पत्नीस मी नवनगरला माजी विद्यार्थ्यांच्या मंडळाची बैठक असते, असे सांगितलेले आहे. अशी कोणतीही बैठक नसते.

तथापि ही जागा तिला माहीत नाही. ती कोणासच माहीत नाही. बंधू हयात नाहीत. तेव्हा मूर्ती घेऊन ती कोठे गेली असावी, याचा मला उलगडा होत नाही. सकाळपासून मी तेच तेच रस्ते फिरत आहे.

हेड कॉन्स्टेबल मेत्री यांनी विचारले, "आज कितवा शनवार, अज्जा?"

ठाण्याच्या भिंतीवर दिनदर्शिका आहे. मी उत्तर दिले, "दुसरा."

मेत्रीबाईंनी चिगरीच्या नवनगर थांब्यावरील तिकीट खिडकीत फोन लावला व मला ऐकू यावे असा ठेवला. पलीकडील इसम कन्नडमध्ये बोलला. त्याचे मराठी मी येथे करीत आहे व ते पूर्ण करीत आहे. तो म्हणाला : "आहे की, मॅडम. सकाळी पावणेसातपासून एक अज्जी इथं थांब्यातल्या बाकावर बसली आहे. मांडीवर पिशवी. नाश्ता देऊ केला, नको म्हणाली. धारवाडकडची बस आली की उठून उभी राहते, उतरणारा एकेक माणूस बघते, परत बसते. कुणाची वाट बघताय म्हणून विचारलं. म्हणते, आमचे मास्तर आज येतात. त्यांच्या मागनं जायचं आहे. त्यांना वाट माहीत आहे."

मी आलो नाही. पाच तास मी तिला धारवाड व हुबळी येथे शोधत होतो. त्यात दोन वेळा माझी बस नवनगर थांब्यावर थांबली असणार. मी पलीकडच्या खिडकीशी बसलो होतो आणि उतरलो नाही.

माझी कोणाविरुद्ध तक्रार नाही.

वरील मजकूर मेत्रीबाईंनी मला मोठ्याने वाचून दाखविला. तो मी सांगितला तसा आहे. त्यात एक दुरुस्ती आहे. आरंभी "अपत्ये : एक" असे मी सांगितले, ते चुकीचे आहे. तेथे असे वाचावे : "अपत्ये : दोन. थोरली मुलगी वनिता, धाकटा मुलगा अमित." मेत्रीबाई वाचत असताना मला लेखनाच्या इतरही सात-आठ चुका दिसल्या. त्या तशाच राहू द्याव्यात. आता वेळ नाही.

मेत्रीबाईंनी जीपने सोडण्याची तयारी दाखविली. मी नको म्हणालो. ती बसमधून उतरणाऱ्यांकडे पाहत आहे. मला बसनेच गेले पाहिजे.

सही/-
ल. बा. कोलकार
वेळ दुपारी १ वाजून ५० मिनिटे